शेष्या, रुखमा गाडीत बसली का?

शेष्या, तू गेलास आणि माझ्यामागं काम लावून गेलास. माणूस गेला की लोक रडतात, चार चांगलं बोलतात, चहा पितात, आपापल्या घरी जातात. माझं तसं होऊन नाही राहिलं. जिनिंगमधून सुटलो की माझी सायकल घराकडं वळतच नाही, स्टेशनाकडं वळते. पांढुर्ण्याच्या प्लॅटफॉर्मवर नळाजवळच्या बाकावर जाऊन बसतो. नागपूरकडची गाडी येते, इटारसीकडची येते. लोक चढतात, उतरतात. मी बायांकडं बघत बसतो, आणि या वयात बायांकडं बघत बसणाऱ्या माणसाकडं लोक कसे बघतात ते तुला काय सांगू? पण करू काय? तुझी रुखमा तिथं उभी आहे ना!

तूच तिला आणून उभी केलीस. नवऱ्याचा हात मशीनीत गेलेला, तो घरी खाटेवर. पोरगी शाळेत. नागपूरला शिवणकामाच्या कारखान्यात काम मिळतं म्हणून कोणीतरी सांगितलेलं. कोणाला न सांगता ती पिशवी भरते, स्टेशनावर येते, सिग्नल पडतो, गाडीचा आवाज ऐकू येतो... आणि कागद संपतात. पुढचं प्रकरण नाही. शेवटचं प्रकरण तू लिहिलंच नाहीस, आणि रुखमाला तिथं उभी ठेवून स्वतः मात्र निघून गेलास. वा रे वा!

तुझ्या मागं चार दिवस होतात न होतात तोच नागपूरच्या प्रकाशकांचा फोन आला. माणूस भला आहे, गोड बोलतो. म्हणाला, "वाचकाला असं अधांतरी सोडता येत नाही हो. शेवट काय तो तुम्ही फक्त सांगा. आमचे संपादक लिहून काढतील, शेषरावांच्याच भाषेत." तुझ्या भाषेत! मी म्हटलं, साहेब, तुमच्या संपादकाच्या नाकात कधी कापसाचं तूस गेलं का? तो हसला. त्याला वाटलं मी गंमत करून राहिलो. मग म्हणाला, शोकसभेला येतो, तेव्हा सांगा, पुस्तक थांबलं आहे तुमच्यासाठी.

आता मी काय सांगू बे? मला तू सांगितलंस कुठं?

हे आपलं भांडण काही आजचं नाही. बोरगावच्या रस्त्यावर तुझ्या सायकलची चेन पडली होती, आठवते? सौंसरच्या शाळेतून येत होतो. मी खाली बसून चेन चढवत होतो, हात काळे झालेले, आणि तू खिशातून कागद काढून उभ्याउभ्या वाचायला लागलास. तुझी पहिली कविता. एका बैलाबद्दल होती, जो विकल्यावर नव्या घरी पाणी पीत नाही. तू वाचून थांबलास. मी म्हटलं, "मंग?" तू म्हणालास, "संपली." मी म्हटलं, "अशी कशी संपली बे? बैलानं पाणी पेलं का नाई पेलं?" तुझं तोंड असं झालं की विचारू नको. चेन चढवून दिली तरी तू मला डबल सीट घेतलं नाहीस. मोहगावपर्यंत मी चालत आलो, तुझ्या मागं, आणि तू मुद्दाम हळूहळू सायकल चालवत माझ्या पुढं. बोलायचंही नाही आणि सोडून जायचंही नाही, असा तुझा राग.

तेव्हापासून सगळं आयुष्य तू "संपली" म्हणत राहिलास आणि मी "मंग?" म्हणत राहिलो.

पुढं जिनिंगमध्येही एकाच छपराखाली आलो. तू रेच्यावर, म्हणजे कापसातून सरकी वेगळी करणाऱ्या मशीनीवर, कापूस घालायला. मी त्याच मशीनींचा फिटर. सीझनभर त्या रेच्यांच्या रांगा अशा आवाज करायच्या की शेजारच्या माणसाला शिवी दिली तरी तो हसून मान हलवायचा. बोलणं शक्यच नव्हतं. पण लाईट गेली की सगळं एकदम थांबायचं. कान थोडा वेळ गुणगुणायचे, मग तेही शांत व्हायचं. आणि तू खाकरायचास. घसा साफ केल्याचा तो आवाज ऐकला की बाया कापसाच्या ढिगावरून सरकून जवळ यायच्या, कापूस दाबायच्या प्रेसवरचा भास्कर गाठी बांधायचं सोडून यायचा, पंचफुलाबाई डोक्यावरचं फडकं काढून कान मोकळे करायची. तुझी कादंबरी सुरू व्हायची.

तिकडं मालक कपाळाला हात लावून बसलेला, आणि इकडं आमची चांदी. एखाद्या दिवशी लाईट गेलीच नाही तर पंचफुलाबाई कुरकुरायची, "बाप्पा, आज जात नाई का वं हे लाईट! काल त्या पोरीले ताप भरला व्हता, तिचं काय झालं असन?" जशी काही ती तिच्या सख्ख्या बहिणीची पोर.

एकदा मी तुला विचारलं होतं, चहाच्या टपरीवर काऊन सांगत नाहीस? तिथं तर सगळेच असतात. तू म्हणालास, "मशीन बंद झाल्यावर जे शांत होते ना, त्याच्यात खोटं बोललेलं लगेच समजते. टपरीवर काहीही खपते." हे मला तेव्हा पटलं नाही. मी म्हटलं, चहाचे पैसे वाचवून राहिला म्हण ना सरळ. तू हसलास, पण टपरीवर कधी एक ओळ सांगितली नाहीस. आधी आम्हाला सांगायचं, आम्ही भांडायचं, आमच्या भांडणातून जे उरेल ते घरी जाऊन लिहायचं, अशी तुझी पद्धत. आम्ही भांडलो नाही ते प्रकरण तू फाडून टाकायचास. म्हणायचास, कोणाले राग आला नाई म्हणजे त्याच्यात काही नाई.

आणि लाईट आली की मशीन सुरू करायचं काम कोणाचं? माझं. मेनस्विचचा दांडा माझ्या हातात. तू एखाद्या वाक्याच्या मधोमध असायचास आणि बाहेरचा बल्ब पेटायचा. सगळ्या बाया माझ्याकडं बघायच्या, जसा काही मी जल्लादच. तू बघायचा नाहीस. तुला माहीत होतं. मी रेच्याखाली वाकायचो, पट्ट्याला हात लावायचो. मुनीमजी ऑफिसातून ओरडायचे, "अरे फिटर, लाइट आ गई, चालू क्यों नहीं करता?" आणि मी ओरडायचो, "पट्टा पाहून राहिलो!" पट्ट्याला काय धाड भरली होती? चांगला टणटणीत पट्टा. पण तेवढ्यात तुझी चार वाक्यं होऊन जायची. मग मात्र दांडा वर करावाच लागायचा, आणि तुझं तोंड हलताना दिसायचं पण ऐकू काही यायचं नाही.

तुझी पहिली कादंबरी छापून आली तेव्हा कोण्या मोठ्या माणसानं पेपरात लिहिलं होतं, की प्रकरणं अचानक तोडण्याची या लेखकाची शैली फार वेगळी आहे. तू तो पेपर घेऊन धावत माझ्याकडं आलास. रेच्यामागं बसून आपण दोघं पोट धरधरून हसलो. "शैली तुही हाये बे," तू म्हणालास, "माहं फक्त नाव छापलं." शेष्या, त्या दिवशी मी घरी गेलो तो हवेतच. बायकोला सांगितलं तर तिला काही समजलं नाही. मला अजूनही कोणाला समजावून सांगता येत नाही, की तुझ्या पुस्तकात जिथं जिथं प्रकरण संपतं, तिथं मी आहे.

पुढं लाईट सुधारली. मालकानं जनरेटर आणला, मग तर लाईट जायचंच जवळपास बंद झालं. सगळ्या गावाचं भलं झालं आणि तुझी दुसरी कादंबरी अडली. रुखमाला घरून स्टेशनापर्यंत यायला म्हणूनच इतके सीझन लागले. कधीमधी लाईट गेली तर मी जनरेटरपाशी जाऊन उगाच खटपट करायचो, डिझेलमध्ये हवा धरली म्हणून सांगायचो. पण कितीदा हवा धरणार? मुनीमजी काही भैताड नव्हते.

एक गोष्ट मात्र मी आजही सोडणार नाही. नागपूरला तुझा सत्कार झाला, मी सोबत होतो. शाल दिली, नारळ दिला, आणि सूत्रसंचालन करणारी बाई म्हणाली, "आता कामगार कवी शेषराव आपल्याला श्रमाची कविता ऐकवतील." तू उठलास आणि वहिनीच्या केसांना लावायच्या तेलावरची कविता म्हटलीस. सगळे बघतच राहिले. येताना पॅसेंजरमध्ये तू खिडकीकडं तोंड करून बसलास. मी म्हटलं, "त्यात रागावण्यासारखं काय हाये? कामगार नाहीस का तू?" तू फणकारलास, "डॉक्टर कविता करते त्याले डॉक्टर कवी म्हणते का कोणी? मास्तर कवी म्हणते का? मंग मलेच काऊन मशीनीसंगं उभं करते?" मी म्हटलं, "लाज वाटते का मशीनीची?" मग काटोल मागं पडलं, नरखेड मागं पडलं, तरी तुझं तोंड खिडकीकडंच. घरी पोचताना म्हणालास, "लाज नाई वाटत बे. पण मशीनीनं माहे कान नेले, दम नेला. नाव तरी माह्यं एकट्याचं राहू दे ना."

तरी मी हार मानली नाही. शोकसभेच्या बॅनरवर "कामगार कवी" छापून आलं तेव्हा जिनिंगमधल्या पोरांनी विचारलं, काढायचं का? मी म्हटलं, राहू द्या. तुला राग आला असेल. येऊ दे. माझ्या मते ते नाव आमचंही आहे, तुझं एकट्याचं नाही. ये आणि भांड.

आपला पांढुर्णा जिल्हा झाला तेव्हा तू म्हणालास, "चला, आता आपण जिल्हास्तरीय झालो." तेव्हाच तुझा खोकला वाढलेला होता, आणि आम्ही हसत होतो. तुझी ती छोटी कविता मला पाठ आहे. कवितेतलं मला काही कळत नाही असं तू सगळ्यांना सांगायचास, पण ही पाठ आहे:

घरी गेलो तर पोरगी म्हणते,
बाबा, तुम्ही म्हातारे झाले.
आंघोळ केली,
रुई वाहून गेली,
परत जवान झालो.

तुला शेवटची आंघोळ घातली तेव्हा पाणी मी ओतत होतो. डोक्यावरून पाणी घातलं, हातानं केस मागं केले, परत घातलं. पांढरं गेलं नाही. मला एकदम कळलं, की ही केसांत बसलेली कापसाची रुई नव्हे, तू खरंच म्हातारा झाला होतास आणि आम्हाला पत्ताच लागला नव्हता. तिथं मी जो रडलो तो सगळ्यांसमोर. कमलावहिनींनीच मला बाजूला बसवलं. त्यांना धीर द्यायला गेलेला माणूस मी!

तर मुद्दा रुखमाचा. प्रकाशकाचा फोन आल्यावर मी पंचफुलाबाईला गाठलं. म्हटलं, बाई, तुम्हाला शेषरावनं शेवट सांगितला होता का? ती लगेच म्हणाली, "सांगतला नाई तं काय! बसली ते गाडीत. मागं वळून पाह्यलं बी नाई तिनं. मी त्याले आधीच बजावलं व्हतं, तिले वापस आणशीन तं माह्याशी बोलू नोको." मला हायसं वाटलं. चला, सुटलो. मग सहज भास्करला विचारलं. तो म्हणाला, "कायची बसते! वापस आली ना ते. मले प्रेसपाशी येऊन सांगतलं भाऊनं. म्हणे, तुह्यासाठी वापस आणली." भास्करची बायको त्याला सोडून गेलेली, हे तुला माहीत. मलाही माहीत.

म्हणून वहिनींकडं गेलो. त्या संत्र्याच्या मंडीतून नुकत्याच आलेल्या, हाताला संत्र्याचा वास. पाणी दिलं. म्हटलं, वहिनी, आता तुम्हीच सांगा. त्या म्हणाल्या, "कोन्तं स्टेशन? रुखमा स्टेशनावर गेलीच कवा? मले तं त्यायनं सांगतलं, का ते घरीच हाये. पिशवी भरते आन् मंग पिशवीतले कपडे परत काढून घडी करून ठेवते. सारी कादंबरी तिच्या मनातच घडते म्हणे." मी त्यांच्या तोंडाकडं बघत राहिलो. त्याही माझ्याकडं. आणि मग, शेष्या, आम्ही दोघं हसायला लागलो. तुझ्या फोटोला हार घातलेला, समोर मेणबत्ती, आणि आम्ही हसून राहिलो. हसता हसता वहिनी डोळे पुसत म्हणाल्या, "ज्याले जे पायजे ते देऊन मोकळा व्हाये हा माणूस." मग विचारलं, "तुमाले काय सांगतलं व्हतं?"

मी म्हटलं, मला काहीच नाही.

त्यांनी मेणबत्तीची वात सरळ केली. मग म्हणाल्या, "मंग तुमीच सांगा त्यायले काय सांगायचं ते. मी मधात नाई बोलत."

हे मला लागलं बे. खरं सांगतो, फार लागलं. सगळ्यांना एकेक शेवट वाटलास, आणि मी, जो बोरगावच्या रस्त्यापासून "मंग?" विचारून राहिलो, त्याला काहीच नाही? नागपूरच्या दवाखान्यात मी तुला विचारलं होतं. नाकात नळी, छाती वरखाली होत होती. म्हटलं, "शेष्या, एवढं सांग. बसली का नाई?" तू वर बघितलंस. छतावर ती पांढरी ट्यूबलाईट जळत होती. तिच्याकडं बोट दाखवलंस आणि म्हणालास, "लाईट कुठं गेली अजून?" मी चिडलो. म्हटलं, अबे, इथंही मस्करी? तू हसायला गेलास आणि खोकल्यानं अर्धा झालास. नर्सनं मला बाहेर काढलं. त्यानंतर आपलं बोलणं झालं नाही.

परवा तुझी शोकसभा झाली. मालकानं मोठ्या मनानं जिनिंगच्या आवारातच जागा दिली, पण सीझन असल्यामुळं मशीनी चालूच. एकेक पाहुणा उठला, माईकसमोर उभा राहिला, आणि कोणाचं काय ऐकू आलं असेल तर शपथ. अध्यक्षांचे हात हलत होते, तोंड हलत होतं, रेचे आपले गर्जत होते. मला वाटलं, शेष्या, हीच तुझी सभा. जिथं तू आयुष्य काढलंस तिथं शेवटी तुझ्याबद्दलचंही कोणाला ऐकू येत नाही. माझं डोकं सटकलं. पहिल्या रांगेतून प्रकाशक साहेब माझ्याकडं बघत होते, काय ठरवलंत म्हणून खुणा करत होते.

मी आत गेलो आणि मेनस्विचचा दांडा खाली ओढला.

सगळे रेचे एकामागून एक बसले. कान गुणगुणले, मग तेही थांबलं. ते तुझं शांत पसरलं. आतल्या बाया सवयीनं बाहेर सरकल्या, पंचफुलाबाईनं सवयीनं डोक्याचं फडकं काढलं. मी दांड्याला हात लावून उभा होतो आणि माझ्याच नकळत तुझ्या खाकरण्याची वाट बघत होतो. लाईट गेली बे शेष्या. सांग आता.

अध्यक्ष माईक सोडून आत बघायला लागले. मग प्रकाशक साहेब दारापाशी आले आणि हळूच म्हणाले, "बोला, काय आहे शेवट?"

मी म्हटलं, "जसं हाये तसं छापा. स्टेशनावर उभी हाये, उभी राहू द्या."

माझ्या तोंडून हे निघालं, शेष्या! आयुष्यभर ज्याच्यासाठी तुझ्याशी भांडलो त्याच्याविरुद्ध मीच बोललो. मला पटलं नाही, अजूनही पटलेलं नाही. पण दुसऱ्या कोणाच्या हातानं तिला हलवणं माझ्याच्यानं झालं नाही. साहेब काही म्हणणार तेवढ्यात पंचफुलाबाई उसळली, "तशी कशी उभी राहीन? गाडीत बसली ते! मले सोता सांगतलं त्यानं." मागून भास्कर ओरडला, "कायची बसली! वापस आली!" वहिनी पहिल्या रांगेतून उठून म्हणाल्या, "अवं, ते घरून निघालीच नाई." आणि जे भांडण जुंपलं, जे जुंपलं! बाया एकीकडं, प्रेसवाले एकीकडं. तू असताना व्हायचं तस्संच. साहेब मधोमध उभे, एकदा इकडं बघतात, एकदा तिकडं. त्यांनी खिशातून पेन काढलं आणि परत ठेवून दिलं.

ऑफिसातून मुनीमजींचा आवाज आला, "अरे फिटर! लाइट तो है, मशीन क्यों बंद की?"

मी रेच्याखाली वाकलो. पट्ट्यावर हात ठेवला. चांगला टणटणीत होता. बाहेर तुझी रुखमा एकाच वेळी जात होती, येत होती, घरी बसली होती, आणि तिच्यासाठी माणसं एकमेकांच्या अंगावर धावून जात होती. थोडा वेळ अजून पाहिजे होता त्यांना.

मी ओरडलो, "पट्टा पाहून राहिलो!"